पोर्त्सेल्की स्वतःहून उलटत नाहीयेत, ३१ तारखेच्या आत मदत हवी

विनिपेगवाली | २७ डिसेंबर

तळणातले जाणकार कोणी जागे असाल तर धावा. आम्ही कॅनडात विनिपेगला नॉर्थ किल्डोननमध्ये राहतो, शेजारी मेनोनाइट ह्या ख्रिस्ती पंथातल्या एक आजी आहेत, वय ८६, सगळे त्यांना ओमा म्हणतात म्हणून आम्हीपण ओमाच म्हणतो. आम्ही इथे राहायला आलो त्या पहिल्याच ३१ डिसेंबरला उणे तीसमध्ये दार वाजलं, बघते तर ओमा, हातात आइस्क्रीमचा चार लिटरचा रिकामा डबा, वर टॉवेल झाकलेला, आणि आत गरमागरम गोड गोळे, मनुकांनी गच्च भरलेले, वरून साखर. तेव्हापासून सात वर्षं एकदाही खंड नाही. ह्या नोव्हेंबरात बर्फावरून घसरून त्यांचं मनगट मोडलं, प्लास्टर निघालंय पण हातात जोर नाही, आणि मी मोठ्या तोऱ्यात बोलून बसले की ओमा, या वर्षी मी करते, तुम्ही फक्त बसा.

तर पदार्थाचं नाव पोर्त्सेल्की. त्यांच्या प्लाउटडीच भाषेत ह्याचा अर्थ कोलांट्या मारणारे, कारण तेलात सोडले की एक बाजू झाली की ते आपले आपण पलटतात. इथले लोक सरळ न्यू इयर कुकीज पण म्हणतात, कुकीशी काही संबंध नसताना.

काल ट्रायल बॅच केली. बाहेरून चॉकलेटी, आतून कच्चं, मनुके जळून कोळसा, आणि एकही गोळा उलटला नाही. एकही!! सगळे मी झाऱ्याने उलटवले. ओमांना दोन नेऊन दिले, त्यांनी खाल्ले, शांतपणे विचारलं, "उलटले का?" नाही म्हटलं. "मग ही पोर्त्सेल्की नाहीत, डोनट आहेत." आणि दुसरा पण खाल्ला.

त्यांनी दिलेल्या कागदावर लिहिलंय ते असं: दूध कोमट दोन कप, यीस्ट, अंडी तीन किंवा चार, साखर अर्धा कप, लोणी अंड्याएवढं, मीठ, मनुके भरपूर, मैदा "पुरेल इतका". आता पुरेल इतका म्हणजे किती??

---

खमंग_खुसखुशीत | २८ डिसेंबर

तोंपासु (तोंडाला पाणी सुटलं). "पुरेल इतका मैदा" म्हणजे आपलं "मावेल तेवढी कणीक". माझ्या सासूबाईंच्या वहीत पण हेच, त्यामुळे ओमा मला आत्तापासूनच आवडल्यात.

प्रश्न: तेल किती घेतलंस? मला वाटतं गोची तिथेच आहे.

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

तेल साधारण दीड इंच असेल. छोट्या कढईत. खरं सांगू का, मुद्दामच कमी घेतलं, उरलेलं तेल टाकून द्यायला जिवावर येतं.

---

खमंग_खुसखुशीत | २८ डिसेंबर

हं. सापडला चोर. गोळा तळाला टेकत असणार, टेकला की उलटणार कुठून. कमीत कमी तीन इंच तेल पाहिजे. तेल वाचवणारी बाई तळणाच्या वाटेला गेलीच कशाला :)

---

यंत्रयुगी | २८ डिसेंबर

मी स्वयंपाकातला नाही पण हा प्रश्न माझ्या लाइनचा आहे म्हणून लिहितो. गोळा तेलावर अर्धा बुडालेला तरंगतो. बुडालेला अर्धा भाग गरम होतो, त्यातला वायू आणि वाफ पसरते, तो भाग फुगतो आणि हलका होतो. वरचा अर्धा भाग अजून कच्चं, जड पीठ. म्हणजे जड वस्तू वर आणि हलकी खाली, ही स्थिती टिकणारी नाही, जराशी कुठे तोल ढळला की गोळा गर्रकन फिरतो. ह्यासाठी तीन गोष्टी लागतात. गोळा गोलसर हवा (चपटा असेल तर तराफ्यासारखा नुसता तरंगत बसेल), खाली मोकळी जागा हवी, आणि खालची बाजू फुगायच्या आत तिचं कवच कडक व्हायला नको. तुमचे मनुके जळून कोळसा झाले म्हणताय म्हणजे तेल फार तापलेलं होतं, कवच लगेच बसलं, फुगायला वावच मिळाला नाही. पीठ मुळात नीट आलं होतं का पण?

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

दंडवत घ्या. पीठ आलं होतं असं मला वाटलं... तासभर ओट्यावर ठेवलं होतं. पण आमचा ओटा खिडकीला लागून, बाहेर उणे २८. दुप्पट वगैरे काही झालं नव्हतं, जरा सुजल्यासारखं दिसत होतं.

---

बर्फातला_बटाटावडा | २८ डिसेंबर

ओव्हन बंद ठेवायचं, फक्त आतला दिवा लावायचा, आणि भांडं आत. आम्ही सास्काटूनला इडलीचं पीठ असंच आंबवतो गेली बारा वर्षं. ओव्हनवर चिकटपट्टीने कागद लावून ठेव "आत पीठ आहे", नाहीतर नवरा पिझ्झासाठी प्रीहीट करेल. अनुभवाचे बोल आहेत.

---

नीट_सांगा | २८ डिसेंबर

मेनोनाइट म्हणजे ते घोडागाडीवाले ना, वीज न वापरणारे? मग ओमा गॅस वापरतात का चूल?

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

@नीट_सांगा, ते बहुतेक आमिश तुमच्या डोक्यात आहेत. मुळं एकाच झाडाची पण १६९३ च्या सुमारास याकोब आमानच्या मागे गेलेले लोक वेगळे झाले ते आमिश. मेनोनाइट हे नाव मेनो सिमन्सवरून, हा नेदरलँड्समधल्या फ्रिसलंडचा कॅथलिक पाद्री, १५३६ मध्ये चर्च सोडलं. बाप्तिस्मा मोठं झाल्यावर समजून उमजून घ्यायचा आणि शस्त्र हातात धरायचं नाही, हे दोन मुद्दे पक्के. मेनोनाइटांमध्येही घोडागाडीवाले गट आहेत, पण ओमांकडे आयपॅड आहे आणि हॉकीची मॅच असली की त्यांना फोन करायचा नाही. इथून तासाभरावरचं स्टाइनबाख हे मेनोनाइटांनी वसवलेलं गाव, ते तर मोटारींच्या शोरूमसाठीच प्रसिद्ध आहे, स्वतःला ऑटोमोबाइल सिटी म्हणवतं.

---

अ‍ॅमस्टेलवीनकर | २८ डिसेंबर

अहो हे तर ऑलीबोलन! आमच्याकडे नेदरलँड्समध्ये नोव्हेंबरपासून चौकाचौकात गाड्या लागतात, ३१ डिसेंबरला तर रांगा असतात, मनुके घातलेले आणि न घातलेले दोन्ही मिळतात, वर पिठीसाखर इतकी की काळा कोट घालून खायची सोय नाही. तुमच्या ओमांचे पूर्वज डचच, म्हणजे कोडं सुटलं.

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

भाऊबंद आहेत हे नक्की, पण ओमांसमोर "डच डोनट" म्हणून बघा एकदा. त्यांचं म्हणणं, आमचे लोक निघाले तिकडून पण वाटेत इतकी गावं लागली की आता कोण कोणाचं सांगायचं.

ती वाट खरंच लांब आहे. सोळाव्या शतकात छळ सुरू झाला तेव्हा बरेच जण नेदरलँड्स, फ्रिसलंडकडून पळून डान्झिगजवळ व्हिस्टुला नदीच्या मुखाशी गेले, आत्ताचं पोलंडमधलं ग्दान्स्क. तिथली दलदल उपसून शेती केली, डच सुटत गेली आणि तिथली लो जर्मन बोली अंगवळणी पडली, तीच ही प्लाउटडीच. मग तिथेही जमीन घ्यायला अडचणी, सैन्यात न जाण्यावरून कटकट. रशियाच्या कॅथरीन राणीने १७६३ मध्ये परदेशी शेतकऱ्यांना जाहीर आमंत्रण दिलं होतंच, तर १७८९ मध्ये नीपर नदीकाठी खोर्टित्सा वसाहत, १८०४ मध्ये मोलोच्ना. म्हणजे आजचं युक्रेन, झापोरिझ्झ्याच्या आसपास. शंभर वर्षांनी रशियानेही सक्तीची लष्करी भरती आणली तेव्हा १८७४ पासून पुढच्या काही वर्षांत सातेक हजार लोक इकडे आमच्या मॅनिटोबा प्रांतात आले. काही कॅन्सस, नेब्रास्काकडे गेले. १९२० च्या दशकात क्रांती, यादवी, दुष्काळ सगळं सोसून आणखी वीसेक हजार कॅनडात, ओमांचे आईवडील त्यातले. इथल्या जुन्यांपैकी काही मात्र शाळा इंग्रजीत करायची सक्ती झाली म्हणून १९२२ पासून मेक्सिकोत गेले. आणि सगळीकडे वर्षाच्या शेवटी तेच गोळे.

---

खवचट_खान्देशी | २८ डिसेंबर

म्हणजे जवळजवळ चार शतकं देश बदलले पण तळण सोडलं नाही. आमच्या गावचे वाटतात.

---

वसईकरीण | २८ डिसेंबर

अगं थांब थांब, हे आमचे फुगे आहेत की! आमच्याकडे लग्नाला, नाताळला फुगे लागतातच. मैदा, अंडी, नारळाचं दूध, पूर्वी ताडी घालून आंबवायचे आता यीस्ट. मनुके नसतात आणि फार गोड नसतात कारण मटणाच्या रश्शात बुडवून खायचे असतात. पण तंत्र तेच असणार म्हणून सांगते. पीठ भज्यापेक्षा घट्ट, पावापेक्षा सैल, हाताला चिकटलं पाहिजे पण ओघळायला नको. डावा हात ओला करून पीठ मुठीत घ्यायचं, मूठ दाबायची, अंगठा आणि तर्जनीमधून गोळा वर फुगून येतो, तो उजव्या हाताच्या बोटांनी तोडून तेलात. असा सोडलास तर गोळा गोलच होतो, चमच्याने सोडतेस तेव्हा शेपट्या राहतात. आणि आमचे फुगे पण आपोआप उलटतात बरं का, माझी आई तर न उलटणाऱ्याला "आळशी" म्हणायची आणि तो मला खायला द्यायची.

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

आळशी!! मेले हसून. ही मुठीची युक्ती करून बघते, ओमा दोन चमचे वापरतात, एकाने उचलायचं दुसऱ्याने ढकलायचं, चमचा दरवेळी गरम तेलात बुडवून घ्यायचा म्हणजे पीठ चिकटत नाही.

---

तासगावचा_बेदाणा | २८ डिसेंबर

धाग्यात एवढा वेळ मनुके मनुके चाललंय आणि कोणी आम्हाला विचारत नाही. ताई, तुम्ही नक्की काय घातलंत, बेदाणा की मनुका? आमच्याकडे हिरवट-सोनेरी बिनबियांचा तो बेदाणा, काळा तो मनुका, दुकानात एक मागितला आणि दुसरा दिला तर भांडण होतं. आमचा बेदाणा द्राक्षं पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या पाण्यात बुडवून शेडमध्ये जाळीवर वाळवतात, त्याने सालीवरचं मेण सुटतं आणि पंधरवड्याच्या आत माल तयार, म्हणून रंग टिकतो. परदेशातला तो तपकिरी मनुका उन्हात वाळवलेला, जास्त वेळ लागतो, रंग काळा पडतो, चव वेगळी, जरा खमंग.

दुसरं म्हणजे भिजवलेत का? भिजवून तसेच ओले घातले असतील तर पीठ सैल होणारच.

---

विनिपेगवाली | २८ डिसेंबर

काळेच, इथले कॅलिफोर्नियाचे. ओमा पण तेच वापरतात. आणि हो, भिजवले, चाळणीत निथळले आणि तसेच टाकले. म्हणजे तो पण गुन्हा केला. तुमच्या तासगावचे इथे एकदा इंडियन स्टोअरमध्ये मिळाले होते, सोनेरी, पण ह्यात ते घातले तर ओमा म्हणतील हे कोणाचं लग्न आहे.

---

तासगावचा_बेदाणा | २८ डिसेंबर

कोमट पाण्यात दहा मिनिटं पुरे. मग फडक्यावर पसरून कोरडे करा, चमचाभर मैद्यात घोळवा, म्हणजे तळाशी बसत नाहीत. आणि गोळा सोडताना वर डोकावणारा मनुका बोटाने आत दाबा, बाहेर राहिला की साखर जळून कडू होतो.

---

शुद्ध_तुपातली | २९ डिसेंबर

अंडं न घालता होतील का? आमच्याकडे चालत नाही. आणि कणकेचे?

---

खमंग_खुसखुशीत | २९ डिसेंबर

कणीक, गूळ, दही, वेलची, बिनअंड्याचं... अहो ह्याला गुलगुले म्हणतात आणि तुम्हाला ते येतात :)

---

विनिपेगवाली | २९ डिसेंबर

नाही नाही, रास्त प्रश्न आहे. अंड्याऐवजी थोडं दही आणि लोणी जरा वाढवून होईल असं वाटतं, यीस्ट तर आहेच फुगायला. पण मी केलेलं नाही त्यामुळे ठामपणे सांगणार नाही. इथे काही घरांत यीस्टऐवजी ताक आणि बेकिंग पावडर घालून पण करतात, लवकर होतात. ओमांनी त्यावर नुसती एक भुवई वर केली.

---

नागपुरी_संत्रं | २९ डिसेंबर

अवांतर: मेनोनाइट म्हटल्यावर मला धमतरी आठवलं. माझं आजोळ रायपूरचं, तिथून धमतरीचं मिशन हॉस्पिटल फार दूर नाही, आज्जी त्या डॉक्टरांचं नाव काढायची. अमेरिकन मेनोनाइट तिथे १८९९ मध्ये आले, लगेच छप्पन्न सालचा (विक्रम संवत १९५६) मोठा दुष्काळ पडला आणि त्यांचं सुरुवातीचं काम अन्न वाटण्याचंच झालं. ते लोक हेच गोळे करायचे का?

---

विनिपेगवाली | २९ डिसेंबर

धमतरीचं मला माहीतच नव्हतं, ओमांना सांगितलं तर म्हणाल्या हो, आमच्या चर्चमध्ये लहानपणी इंडियासाठी पैसे गोळा करायचे. गोळ्यांचं मात्र बहुतेक नाही, कारण तिकडे आलेले ते मुख्यतः स्विस-जर्मन वळणाचे अमेरिकन मेनोनाइट, त्यांची वाट वेगळी, स्वयंपाक वेगळा. पोर्त्सेल्की ही रशियावरून आलेल्यांची. त्यांच्या ताटात बोर्श्ट सूप पण असतं आणि व्हेरेनिकी पण, म्हणजे चीज भरून उकडलेल्या करंज्या समजा. आणि उन्हाळ्यात कलिंगडाबरोबर तळलेल्या पुऱ्यांसारखं रोलकुकेन. कलिंगड आणि तळलेली पुरी! पहिल्यांदा खाल्लं तेव्हा मला वाटलं चेष्टा करतायत, आता मीच जुलै यायची वाट बघते.

---

कोकण्या_वेंगुर्ला | २९ डिसेंबर

पण ३१ डिसेंबरलाच का? त्यामागे काहीतरी असणारच.

---

विनिपेगवाली | २९ डिसेंबर

ओमांचं उत्तर: थंडी पडली की डुकरं मारायचे, घरात नवी चरबी भरपूर, ती वापरायला तळण. पूर्वी चरबीतच तळायचे, आता कनोला तेलात. (कनोला ही मॅनिटोबाच्या अभिमानाची गोष्ट, १९७० च्या दशकात मोहरीच्या ह्या भावंडातला कडूपणा आणि नको असलेलं आम्ल काढून टाकणारं वाण इथल्याच विद्यापीठात आणि सास्काटूनला मिळून तयार झालं, नावातलं पहिलं "कॅन" म्हणजे कॅनडा.)

पण मला आवडलेला भाग वेगळा आहे. खेड्यांमध्ये ३१ च्या रात्री तरुण पोरं सोंगं घेऊन घरोघर जायची, बरोबर एक वाद्य, ब्रोमटोप. पिंपासारखा ढोल, वर कातडं ताणलेलं, मधोमध घोड्याच्या केसांचा झुपका, तो ओल्या हाताने ओढला की घुमल्यासारखा आवाज यायचा. गाणं म्हणायचे, घरातल्या सगळ्यांना शुभेच्छा द्यायचे आणि बदल्यात पोर्त्सेल्की, थोडे पैसे, कधी कधी एक घोट. ओमांना लहानपणी ह्या लोकांची भयंकर भीती वाटायची, पलंगाखाली लपायच्या. त्यातली काही सोंगं दुसऱ्या समाजांची टिंगल करणारी असायची, ती आज पाहवणार नाहीत, हे पण त्याच म्हणाल्या.

---

कोकण्या_वेंगुर्ला | २९ डिसेंबर

हा तर आमचा शिमगो! सोंगां घेवन घरोघर, पोरां पलंगाखाली, आणि शेवटी पैसे. फक्त आम्हाला गोळे मिळत नाहीत, ही गोष्ट गावच्या बैठकीत काढतो.

---

यंत्रयुगी | २९ डिसेंबर

तो ढोल वाचून नंदीबैलवाल्याचा ढोल आठवला, तो पण काठी घासून गुबूगुबू वाजवतात. तोही घासूनच घुमवायचा प्रकार.

---

विनिपेगवाली | २९ डिसेंबर

आणि मुलांसाठी एक जुनं गाणं आहे, ओमांनी अख्खं म्हणून दाखवलं. अर्थ साधारण असा:

तुमच्या धुराड्यातून धूर आला,
काय चाललंय ते कळलं मला,
नव्या वर्षाचे गोळे तळताय.
एक द्याल तर उभा राहीन,
दोन द्याल तर चालू लागेन,
तीन-चार एकदम द्याल तर
अख्खा स्वर्ग तुम्हाला चिंतेन.

मुलगा (वय ९) सध्या मूळ प्लाउटडीचमध्ये पाठ करतोय, उच्चार पुणेरी.

---

खवचट_खान्देशी | २९ डिसेंबर

"एक द्याल तर उभा राहीन" ही सरळ धमकी आहे. वर्गणीवाल्या पोरांना शिकवली पाहिजे.

---

खमंग_खुसखुशीत | २९ डिसेंबर

चला मूळ मुद्द्यावर या, परवा ३१ आहे. मैदा किती ते ठरलं का? लक्षात ठेव, इथून कोणी भारतातला मैदा घेऊन करणार असेल तर दूध कमी लागेल. कॅनडाचा मैदा कडक गव्हाचा असतो, प्रथिनं जास्त, पाणी जास्त पितो.

---

विनिपेगवाली | ३० डिसेंबर

दुसरी ट्रायल. आज अर्ध्या मापाने केली, पण पूर्ण माप लिहिते:

कोमट दूध २ कप, यीस्ट १ मोठा चमचा (थोड्या कोमट पाण्यात चिमूटभर साखरेबरोबर फसफसवून), अंडी ३, साखर अर्धा कप, लोणी पाव कप वितळवून, मीठ १ छोटा चमचा, मनुके अडीच कप, मैदा पावणेपाच कपांवर येऊन थांबले. वसईकरीणबाईंची खूण पक्की धरली, हाताला चिकटतं पण ओघळत नाही. ओव्हनमध्ये दिवा लावून सव्वा तास, दुप्पटच्या वर गेलं. (कागद लावला होता. नवरा आलाच होता बटण दाबायला.) तेल तीन इंच, थर्मामीटर लावून १७५ ते १८० अंश सेल्सिअस. अक्रोडाएवढे गोळे, एका वेळी पाचच, जास्त टाकले की तेल थंड पडतं.

पहिला टाकला. तरंगला. मी झारा पाठीमागे लपवून उभी. मिनिटभर काही नाही, दीड मिनिट झालं असेल, एका बाजूने जरा कलल्यासारखा झाला आणि गर्रकन उलटला!!! मी एवढ्या जोरात ओरडले की मुलगा वरून धावत आला, त्याला वाटलं भाजलं.

२७ पैकी ११ उलटले. मुठीने सोडलेले जास्त उलटले, चमच्याचे कमी. आतून जाळीदार, कच्चे नाहीत.

---

वसईकरीण | ३० डिसेंबर

मुठीचा विजय असो!! बाकीचे सोळा आळशी तू खाल्लेस ना?

---

यंत्रयुगी | ३० डिसेंबर

११/२७ वाईट नाही. पीठ सोडायच्या आधी ढवळू नका, आलेली हवा निघून जाते. भांड्याच्या कडेने हलकेच उचला.

---

बर्फातला_बटाटावडा | ३० डिसेंबर

आणि जॅकेटं, टोप्या, सगळं बेडरूममध्ये कोंडून दार लाव. हिवाळ्यात खिडकी उघडता येत नाही, मागच्या दिवाळीनंतर माझा पार्का (जाड हिवाळी कोट) होळीपर्यंत चकलीचा वास मारत होता. ऑफिसात लिफ्टमध्ये लोक विचारायचे, काय छान वास येतोय.

---

विनिपेगवाली | ३० डिसेंबर

ओमा म्हणून तर गॅरेजमध्ये तळायच्या! गाडी बाहेर काढून, दार अर्धं वर करून, कोट-टोपी घालून, इलेक्ट्रिकचं भांडं. मला वाटायचं गॅरेजमध्ये काय करतात एवढा वेळ. उद्या तिथेच करायचं ठरलंय, मोठ्या पातेल्याने.

---

नीट_सांगा | १ जानेवारी

काय झालं? नवीन वर्षाच्या शुभेच्छा वगैरे नंतर, आधी उलटले का ते सांगा.

---

विनिपेगवाली | २ जानेवारी

सॉरी, काल दिवसभर झोपले.

तर ३१ ला दुपारी दोनला सुरू केलं. ओमा खुर्चीत, मांडीवर गोधडी (माझीच, आईने दिलेली), हातात पेन आणि कॅलेंडरचं मागचं पान. म्हटलं हे कशाला, तर म्हणाल्या मोजणार. आणि खरंच मोजले. प्रत्येक उलटलेल्याला एक रेघ. दुप्पट माप केलं होतं, ११४ गोळे झाले, पडले थोडे कमीजास्त आकाराचे. ६८ उलटले. ओमांची आई म्हणे युक्रेनमध्ये असताना चरबीच्या कढईत सगळेच्या सगळे उलटवायची, पण हे ओमांनी स्वतः पाहिलेलं नाही, त्यांचा जन्मच इथला, हे मी मनातच ठेवलं.

मधे एक गंमत. दोन-तीन घाणे झाल्यावर मला गोळा गोल जमायला लागला तेव्हा त्यांनी पहिला साखरेत घोळवला, फुंकर मारली, खाल्ला, आणि म्हणाल्या "गोट." मी म्हटलं हो, साखर जरा जास्तच झाली का? त्या गोंधळल्या. मग कळलं, त्यांच्यात गोट म्हणजे चांगलं. मी ऐकलं होतं गोड. दोन्ही बरोबर, सोडून दिलं.

साखरेवरून घरात दोन पक्ष पडलेत, ओमा साध्या साखरेत घोळवतात, त्यांच्या सुनेकडची माणसं पिठीसाखरेचा पातळ पाक लावतात. मी दोन्ही केलं आणि दोघांच्या नजरेत थोडी थोडी उतरले.

संध्याकाळी मुलाने गाणं म्हटलं, "तीन-चार एकदम" पर्यंत आला आणि पुढचं विसरला, म्हणून स्वर्ग कोणालाच मिळाला नाही पण गोळे त्याला चार मिळाले. रात्री नऊला आम्ही दोघं आइस्क्रीमचे डबे घेऊन गल्लीत वाटायला निघालो, उणे ३१, सहा घरं. चौथ्या घरातले पंजाबी काका झाकण उघडून म्हणाले, अरे गुलगुले!

---

शुद्ध_तुपातली | २ जानेवारी

मी दह्याचे केले, बिनअंड्याचे. चव मस्त, पण एकही उलटला नाही.

---

वसईकरीण | २ जानेवारी

सगळेच आळशी म्हणजे घरच्या माणसांना वाटून टाका :) पीठ बहुतेक सैल झालं, दह्याचं पाणी काढून, टांगून घे पुढच्या वेळी.

---

खवचट_खान्देशी | २ जानेवारी

फोटो?

---

विनिपेगवाली | २ जानेवारी

हात पिठाचे होते, ओमांचे हात मोजण्यात होते. नाही काढला.

---

खमंग_खुसखुशीत | २ जानेवारी

आणि उरलेलं तेल? तुला जिवावर येणार होतं ना?

---

विनिपेगवाली | २ जानेवारी

रात्री गार झाल्यावर पातेलं तसंच झाकून मागच्या डेकवर ठेवलं, म्हटलं सकाळी बघू. सकाळी झाकण काढलं तर अख्खं तेल थिजून पांढरट, घट्ट, आणि मधोमध एक न उलटलेला गोळा, मोजायचा राहून गेलेला. ओमांना दाखवायला पातेलं तसंच उचलून नेलं. त्यांनी कॅलेंडरचं पान काढलं आणि खाली लिहिलं, ११५.